दगडातली माणसे

मराठी भाषेने दगडाला फारसा मान दिलेला नाही. ज्याच्या डोक्यात काही शिरत नाही तो विद्यार्थी 'दगड', ज्याला दुसऱ्याचे दुःख दिसत नाही त्याच्या काळजाचा दगड झालेला, आणि निष्फळ श्रम म्हणजे दगडावर डोके आपटणे. तरीही ह्याच भाषेने दगडाला पाझर फोडले आहेत आणि भिंतींना कान दिले आहेत. टाकीचे घाव सोसल्यावाचून देवपण येत नाही, ही म्हण तर दगडाला सोसायला लावते. आणि सोसणे हे सजीवाचे लक्षण आहे. दगड निर्जीव आहे हे पुरते ठाऊक असूनही त्याच्या आत कोणीतरी असावे, ही शंका आपल्या भाषेच्या मनातून गेलेली नाही.

ह्या शंकेला कथारूप लाभले की दगडाची माणसे जन्माला येतात. आजच्या मुलांना ती चांगलीच परिचयाची आहेत. मोबाइलवरील खेळांतून, इंग्रजी चित्रपटांतून आणि जाडजूड अद्भुत कादंबऱ्यांतून खडकाच्या अंगाचे, कड्यासारख्या खांद्यांचे प्राणी चालतात, बोलतात, लढतात. अंधेरीपासून बोरिवलीपर्यंत आणि घाटकोपरपासून मुलुंडपर्यंतच्या आपल्या घरांतून आईवडील ह्यासंबंधी सहसा दोन प्रश्न विचारतात. असल्या गोष्टी आपल्या श्रद्धेशी विसंगत तर नाहीत ना, हा पहिला. आणि त्यांत मुलांचा वेळ सार्थकी लागतो का, हा दुसरा.

पहिल्या प्रश्नाचे उत्तर थोडक्यात देता येते. पवित्र शास्त्राला ही कल्पना परकी नाही. देवाला अब्राहामाची संतती हवीच असेल तर ती यार्देनकाठच्या धोंड्यांतूनही उभी राहील, असे योहान बाप्तिस्ताने आपल्या कुळाचा तोरा मिरवणाऱ्यांना बजावले. येरुशलेमेत प्रवेश करताना प्रभू येशूने रस्त्यातल्या धोंड्यांनाही वाचा फुटू शकेल असे परुश्यांना सुनावले. यहेज्केल संदेष्टा पाषाणहृदय काढून घेतले जाण्याविषयी बोलतो, तर संत पेत्र विश्वासणाऱ्यांनाच सजीव धोंड्यांची उपमा देतो. ज्या ग्रंथात धोंडे इतके बोलके आहेत, त्याच्या वाचकाने कथेतल्या बोलक्या धोंड्याला भिण्याचे कारण नाही.

दुसरा प्रश्न अवघड आहे, कारण तो समीक्षेचा आहे. दगडाच्या माणसांची एक कथा सकस आणि दुसरी पोकळ, हे ओळखावयाचे कशावरून? प्रस्तुत लेखात ह्याच प्रश्नाचा विचार करावयाचा आहे. त्यासाठी प्रथम परदेशी कथांकडे जाऊ आणि मग आपल्याच दख्खनच्या भूमीत सांगितल्या गेलेल्या, एका कॅथॉलिक स्त्रीच्या मुखातून उतरलेल्या, परंतु आपल्याच समाजात फारशा परिचित नसलेल्या कथांकडे वळू.

अमेरिकेतील मार्व्हल ह्या चित्रकथांच्या प्रकाशनसंस्थेने १९६२ साली थॉर हा नायक प्रथम वाचकांपुढे आणला, तेव्हा त्याच्याशी लढण्यासाठी शनी ग्रहावरून आलेली दगडी माणसेही आणली. त्या कथेत त्यांचे काम एवढेच होते की त्यांनी पृथ्वीवर चाल करून यावे आणि नायकाचे सामर्थ्य पाहून माघार घ्यावी. दगड येथे केवळ चिलखत होते. पुढे २०१७ साली 'थॉर : रॅग्नारॉक' हा चित्रपट आला. त्यातला कॉर्ग हा अशाच दगडी वंशाचा. परंतु त्याचा आवाज मऊ, बोलणे भिडस्त, आणि स्वतःच्या फसलेल्या बंडाविषयी तो संकोचून सांगतो. चित्रपट पाहून आलेल्या मुलांच्या ओठांवर नायकाइतकेच ह्या कॉर्गचेही नाव असते. पंचावन्न वर्षांच्या अंतराने एकाच परंपरेत आलेल्या ह्या दोन चित्रणांत फरक पडला तो सामर्थ्याचा नव्हे. १९६२ च्या दगडांना स्वतःचे असे मन नव्हते. कॉर्गला ते मिळाले. हा चित्रपट फार थोर कलाकृती आहे असे नव्हे. विनोदाच्या भरात तो कॉर्गच्या दुःखाशी क्षणभरही थांबत नाही. तरी मुलांनी ज्याला जवळ केले ते त्या दगडाचे मन होते, ही गोष्ट पालकांनी ध्यानात घ्यावी.

दगडाला मन येते कोठून, ह्या प्रश्नाचा सर्वांत खोल विचार अद्भुत साहित्यात जे. आर. आर. टोल्किन ह्यांनी केला आहे. टोल्किन कॅथॉलिक होते. १९०० साली, ते आठ वर्षांचे असताना, त्यांच्या मातेने कॅथॉलिक धर्म स्वीकारला. १९०४ साली ती वारल्यावर बर्मिंगहॅमच्या ओरेटरीतील फादर फ्रान्सिस मॉर्गन ह्यांनी त्या पोरक्या मुलांचा सांभाळ केला. टोल्किन ह्यांची 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज' ही महाकादंबरी मुग्धा कर्णिक ह्यांच्या अनुवादातून 'स्वामी मुद्रिकांचा' ह्या नावाने मराठीतही आली आहे. परंतु आपल्या विषयाचे बीज आहे ते त्यांच्या निधनानंतर, १९७७ साली प्रसिद्ध झालेल्या 'द सिल्मरिलियन' ह्या ग्रंथात.

तेथे औले नावाचा एक दिव्य कारागीर आहे. सृष्टिकर्त्याने योजिलेली लेकरे पृथ्वीवर अवतरण्यास अवकाश आहे आणि औलेला तर आपली कला शिकवायला शिष्य हवे आहेत. अधीर होऊन तो पर्वताखालच्या दालनात गुपचूप सात खुजे पुरुष घडवतो. दगडासारखी टणक, हट्टी अशी ही जात. सृष्टिकर्ता त्याला विचारतो की जे तुझ्या अधिकारात नाही ते तू का केलेस? तुझ्या ह्या बाहुल्या तू मनात आणशील तेव्हाच हलतील, आणि तुझे मन दुसरीकडे गेले की स्तब्ध उभ्या राहतील. औले खजील होतो. आपण घडवलेले आपणच मोडून टाकावे म्हणून रडत रडत हातोडा उचलतो. त्या क्षणी ते सात जण घावाच्या भीतीने अंग चोरतात आणि दयेची याचना करतात. सृष्टिकर्त्याने औलेची नम्रता पाहून त्यांना आधीच जीवन दिलेले असते. त्यांचे ते अंग चोरणेच त्याचा पुरावा ठरते. कारण बाहुली घावाला भीत नाही.

हा प्रसंग जागतिक अद्भुत साहित्यातला एक अत्यंत मार्मिक प्रसंग आहे, असे माझे मत आहे. आपल्या म्हणीतला दगड टाकीचे घाव मुकाट्याने सोसतो आणि देव होतो. टोल्किन ह्यांचा दगड घावाखाली शहारतो आणि माणूस होतो. जिवंतपणाची कसोटी त्यांनी बळात, बोलण्यात किंवा चालण्यात शोधली नाही. ज्याने घडवले त्याच्या इच्छेहून वेगळी अशी स्वतःची इच्छा त्या मूर्तीत आहे काय, ही ती कसोटी. आणि अशी इच्छा कारागिराला देता येत नाही. ती वरून द्यावी लागते.

ह्याच लेखकाने दगडाची दुसरीही एक जात रंगवली आहे. १९३७ सालच्या 'द हॉबिट' ह्या बालकादंबरीतले तीन ट्रोल सूर्याचा पहिला किरण अंगावर पडताच दगड होऊन जातात. ज्या पर्वतातून ते घडले त्यातच परत जातात. पुढल्या कादंबरीत एक वृक्षपाल सांगतो की सैतानी शक्तीने वृक्षपालांची नक्कल म्हणून, त्यांच्या विटंबनेसाठी ट्रोल निर्माण केले. म्हणजे एकाच दगडातून दोन जाती. एक प्रेमातून घडलेली आणि अर्पण केलेली, म्हणून ती जिवंत राहिली. दुसरी द्वेषातून घडलेली, म्हणून उजेड पडताच उघडी पडली. दुष्ट शक्तीला निर्मिता येत नाही, केवळ विडंबन करता येते, हा विचार टोल्किन ह्यांनी कोठेही प्रवचन न देता कथेत विरघळवला आहे.

त्यांच्या चित्रणात उणिवा नाहीत असे नाही. खुज्यांच्या स्त्रिया त्या कथांत जवळजवळ दिसतच नाहीत. एवढा मोठा वंश, त्याच्या खाणी, त्याची भांडणे, त्याची सोन्याची हाव सारे काही आले. घर मात्र आले नाही. परंतु एक बारकावा त्यांनी फार सुंदर टिपला आहे. मेल्यावर हे खुजे पुन्हा दगडमातीत मिसळून जातात अशी इतर जातींची समजूत आहे. खुजे स्वतः मात्र मानतात की आपला घडवणारा आपल्याला विसरत नाही आणि एका राखून ठेवलेल्या दालनात आपल्याला एकत्र करतो. दुसऱ्याला दगड ठरवणे किती सोपे, आणि त्याच्या आतली आशा ऐकणे किती दुर्मिळ, हे ह्या एका तपशिलात आहे.

आता आपल्या अंगणात येऊ. आपल्याकडे चालणाऱ्या-बोलणाऱ्या दगडांचा स्वतंत्र असा वंश रूढ कथांत फारसा आढळत नाही. आपली प्रतिभा उलट्या दिशेने चालते. जिवंत माणूस दगड होतो, आणि दगडाच्या आत माणूसच वाट पाहत राहतो. कसाऱ्याच्या गाडीने आसनगावला उतरले की माहुलीच्या डोंगररांगेतले सुळके दिसतात. लोकांनी त्यांना नवरा, नवरी, भटोबा अशी नावे ठेवली आहेत. एक अख्खे लग्न तेथे उन्हापावसात उभे आहे. अहल्येची कथा सर्वश्रुत आहे. परंतु वाल्मीकींच्या रामायणात ती शिळा होत नाही, तर वायुभक्षण करीत, राखेत पडून, कोणालाही न दिसता आश्रमात राहते. तिची शिळा झाली ती नंतरच्या परंपरेत. पुढच्या कथनकारांना 'कोणालाही न दिसणे' हे दुःख पुरेसे मूर्त वाटले नसावे. त्यांनी तिला दगड केले, म्हणजे ती सर्वांना दिसेल आणि तरीही कोणी तिला पाहणार नाही. आळंदीच्या भिंतीची कथाही ह्याच संदर्भात आठवते. वाघावर बसून आलेल्या चांगदेवांना सामोरी गेलेली ती भिंत चालली खरी, पण त्या कथेत खरोखर हलतो तो चांगदेवांचा अहंकार. भिंत चालली एवढेच सांगून थांबणारा त्या कथेचे मर्म हरवून बसतो.

ह्या उलट्या दिशेच्या कथांचा एक अमोल ठेवा 'ओल्ड डेक्कन डेज' ह्या पुस्तकात आहे. ते लंडनला १८६८ साली प्रसिद्ध झाले आणि मुखपृष्ठावर नाव आहे मेरी फ्रिअर हिचे. मुंबईचे गव्हर्नर सर बार्टल फ्रिअर ह्यांची ही कन्या. १८६५-६६ च्या हिवाळ्यात गव्हर्नर दक्षिण मराठा मुलखाच्या दौऱ्यावर निघाले, तेव्हा वीस वर्षांची मेरी बरोबर होती. छावणीत दुसऱ्या स्त्रीची सोबत नसे. वाचन, लेखन, चित्रकला ह्यांचा कंटाळा आल्यावर तिने आपल्या आयेला एखादी गोष्ट सांगण्याची विनंती केली. ह्या आयेचे नाव ॲना लिबेराता डिसोझा. तिचे घराणे मूळचे लिंगायत, कालिकतकडचे. ते गोव्याजवळ येऊन राहिले आणि तेथे तिच्या आजोबांनी ख्रिस्ती धर्म स्वीकारला. गोष्टी ॲनाला मिळाल्या त्या तिच्या आजीकडून. मेरी त्या लिहून घेई आणि तपशील बिनचूक उतरला की नाही हे पाहण्यासाठी पुन्हा तिला वाचून दाखवी. पुस्तकाच्या आरंभी ॲनाचे आत्मकथनही तिच्याच शब्दांत दिलेले आहे, हे मेरीचे मोठेपण. तरी उपशीर्षकात ह्या कथांना 'हिंदू' म्हटले आहे आणि सांगणारी मात्र कॅथॉलिक आहे, हा विरोधाभास वाचकाला खुणावल्याशिवाय राहत नाही. त्याकडे पुढे वळू.

पुस्तकातली पहिलीच कथा 'पंचकिन'. पंचकिन हा जादूगार फकिराच्या वेषात येतो आणि राजाच्या धाकट्या कन्येला, बालनाला पळवून नेतो. तिला सोडवायला आलेले तिचा पती आणि त्याचे भाऊ ह्यांना तो दगड करून टाकतो, त्यांच्या लवाजम्याची झाडे-धोंडे करतो. बालना बारा वर्षे मनोऱ्यात कोंडलेली राहते आणि त्याच्याशी लग्नाला नकार देत राहते. मागे राहिलेला तिचा तान्हा मुलगा मोठा होऊन तिच्या शोधात येतो. तेव्हा ती गोड बोलून जादूगाराकडून त्याच्या जिवाचे रहस्य काढून घेते. त्याचा जीव त्याच्या देहात नाहीच. दूरच्या घनदाट अरण्यात, ताडांच्या वर्तुळात एकावर एक रचलेल्या सहा घागरी आहेत. सहाव्या घागरीखाली पिंजरा, पिंजऱ्यात छोटा हिरवा पोपट, आणि त्या पोपटात पंचकिनचा जीव. मुलगा तो पोपट मिळवतो, सगळ्या झाडाधोंड्यांना पुन्हा माणसे करायला जादूगाराला भाग पाडतो आणि मग पोपटाची मान मुरगाळतो.

ही कथा विद्वानांनी फार वाखाणली. जोसेफ जेकब्ज ह्यांनी १८९२ च्या आपल्या भारतीय परीकथांच्या संग्रहात ती घेतली. सर जेम्स फ्रेझर ह्यांनी 'द गोल्डन बाउ' ह्या ग्रंथात देहाबाहेर ठेवलेल्या जिवाच्या कल्पनेचे उदाहरण म्हणून तिचा विचार केला. परंतु सर्वांचे लक्ष पोपटाकडे गेले आणि दगडांकडे फारसे कोणी पाहिले नाही. माझ्या मते ह्या कथेचे मर्म पोपट आणि दगड ह्यांच्या संबंधात आहे. जो इतरांना दगड करतो त्याने स्वतःचा जीव आधीच अंगाबाहेर काढून ठेवलेला आहे. मरणाच्या भीतीने त्याने तो सहा घागरींखाली दडवला. त्यामुळे त्याला मारता येत नाही, पण तो धड जिवंतही नाही. बागेतल्या ज्या धोंड्यांना आपण दगड समजतो त्यांच्या आत माणसे आहेत, आणि ज्याला माणूस समजतो तो पंचकिन मात्र आतून रिकामा आहे. कथेतला एकमेव खरा दगड तोच. टोल्किन ह्यांचा विचार आणि ॲनाच्या आजीचा विचार येथे शेजारी येऊन बसतात. दुष्टाला जीव देता येत नाही. त्याला फक्त झाकून टाकता येतो.

कथेचा एक दोषही सांगितला पाहिजे. दगडातून उठलेली माणसे पुढे आपल्या अनुभवाविषयी काहीच बोलत नाहीत. बारा वर्षे दगड होऊन राहिलेला बाप मुलाला पाहून काय म्हणाला, हे ऐकण्याची वाचकाला ओढ लागते आणि कथा ती पुरवीत नाही. लोककथेची रीतच तशी. ती घटनेवर झेपावते आणि मनाला हात लावीत नाही. मात्र टोल्किन ह्यांच्याकडे जे घर नव्हते ते येथे आहे. येथे मनोऱ्यात नकार देणारी स्त्री आहे, आईला शोधणारा मुलगा आहे. सुटका होते ती शस्त्राने नव्हे, आईच्या चातुर्याने आणि पोराच्या धिटाईने.

ह्या दोषाची भरपाई 'राम आणि लक्ष्मण' ह्या दुसऱ्या कथेत होते. नावे रामायणातली असली तरी कथा निराळी आहे. राम हा राजपुत्र, लक्ष्मण हा वजिराचा मुलगा आणि त्याचा जिवलग मित्र. लक्ष्मणाला घुबडांची भाषा कळते. रामावर आणि त्याच्या राणीवर येणारी संकटे त्याला घुबडांच्या संभाषणातून समजतात. एकेक संकट तो परस्पर निवारतो. शेवटचे संकट नागाचे. राजाराणी झोपली असताना तो नागाला ठार करतो, तेव्हा रक्ताचा एक थेंब राणीच्या कपाळावर उडतो. हाताने स्पर्श करणे अनुचित म्हणून आपल्या तोंडावर कापड घेऊन तो थेंब टिपू पाहतो. इतक्यात राम जागा होतो आणि भलताच संशय घेतो. मित्राच्या तोंडून दोषाचा शब्द निघताच, घुबडांनी सांगितल्याप्रमाणे, लक्ष्मणाचा दगड होतो. आठ वर्षे तो तसाच राहतो. पुढे रामाचे मूल जमिनीवर खेळता खेळता, आधारासाठी त्या दगडी मूर्तीला मिठी मारते; आणि त्या स्पर्शाने लक्ष्मण पुन्हा जिवंत होतो.

मंत्र नाही, जादूगार नाही, तलवार नाही. माणूस दगड झाला तो मित्राच्या एका शब्दाने. इतक्या साध्या कारणाने माणूस दगड होणारी दुसरी कथा माझ्या वाचनात नाही आणि इतकी खरीही नाही. आपल्या परिचयाच्या घरांत, एका छताखाली, संशयाच्या एका शब्दाने वर्षानुवर्षे दगड होऊन बसलेली माणसे नाहीत काय? भावाभावांत, सासूसुनेत, घराच्या वाटणीवरून अबोला धरलेल्या बहिणींत ती आहेत. लक्ष्मणाची निष्ठा त्याच्या दगड होण्यापूर्वी जेवढी होती तेवढीच दगड झाल्यावरही असते. ती दिसायची थांबते, एवढेच. राम ज्या महालात वावरतो तेथेच ती मूर्ती आहे. आपला शब्द आपल्याच डोळ्यांपुढे दगड होऊन उभा राहावा, ह्याहून कठोर प्रायश्चित्त कोणते?

ह्या कथेचा शेवट तर अद्वितीय आहे. मुलाला काही ठाऊक नाही. ते उद्धार करायला आलेले नाही. त्याला उभे राहायचे आहे आणि हाताशी काहीतरी हवे आहे. अहल्येच्या उद्धाराला अवतारी पुरुष यावा लागतो, सी. एस. लुईस ह्यांच्या १९५० सालच्या 'द लायन, द विच अँड द वॉर्डरोब' ह्या कादंबरीत चेटकिणीच्या अंगणातले पुतळे जिवंत व्हायला दिव्य सिंहाचा श्वास लागतो. ॲनाच्या आजीच्या कथेत एक रांगते मूल पुरते. कोणीतरी दगडावर विश्वासाने भार टाकला आणि दगड पुन्हा माणूस झाला. औलेच्या खुज्यांनी घावाखाली अंग चोरून आपले जिवंतपण दाखवले. लक्ष्मणाने एका मुलाचा भार पेलून दाखवले. दोन्ही प्रसंग थोर आहेत. त्यातला दुसरा आपल्या घराच्या अधिक जवळचा आहे.

आता त्या विरोधाभासाकडे येऊ. ॲनाच्या घराण्याने धर्म बदलला, पण आजीने गोष्टी टाकल्या नाहीत. आपल्याकडे फादर थॉमस स्टीफन्स ह्यांनी १६१६ च्या 'क्रिस्तपुराणा'त मराठी ओवीच्या साच्यात ख्रिस्तकथा ओतली, त्याचा आपल्याला योग्य अभिमान आहे. ॲनाच्या आजीने केले ते त्याचे दुसरे अंग होय. तिने ख्रिस्ती घराच्या चुलीपाशी दख्खनच्या जुन्या गोष्टी सांभाळल्या. ह्या दुसऱ्या कार्याची आपण फारशी नोंद ठेवलेली नाही. 'त्या आपल्या गोष्टी नव्हेत' ह्या संकोचापायी किती घरांतून किती कथा गप्प झाल्या असतील! ज्या कथेत संशयाने मित्राचा दगड होतो आणि मुलाच्या मिठीने तो सुटतो, ती कथा सांगायला कोणत्या आजीने संकोचावे?

आपल्या उपनगरांतील दगडही ह्या बाबतीत आपल्याला काही सांगतात. बोरिवलीच्या मंडपेश्वर लेण्यात नटराजाचे शिल्प आहे. पोर्तुगीज काळात फ्रान्सिस्कन संन्याशांनी तेथे चर्च केले आणि तेथील खडकात कोरलेला क्रूसही आजवर पाहावयास मिळतो. एका कातळाने दोन भाषा अंगावर वागवल्या आहेत. गावठाणांच्या चौकांतील दगडी क्रूस, ज्यांपैकी कित्येक १८९६ साली सुरू झालेल्या प्लेगच्या काळात उभे राहिले, ते अजून एखाद्या कुटुंबाच्या नवसाची आठवण धरून आहेत. अंधेरीचा गिल्बर्ट हिल तर सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वीच्या लाव्हारसाचा. काळ्या कातळाचे उभे खांब एकमेकांना खेटून सुमारे २०० फूट उंच उभे आहेत. त्याच्या भोवतीचा डोंगर खाणींत फुटून इमारतींच्या पायांत गेला आणि २००७ साली महानगरपालिकेने उरलेल्या भागाला वारसास्थळाचा दर्जा दिला. दगडाच्या माणसांची सकस कथा वाचलेले मूल ह्या कड्याखालून जाताना मान वर करील, आणि हे दगड ज्यांनी आयुष्यभर फोडले त्या पाथरवट आणि वडार कुटुंबांचाही विचार त्याच्या मनात येईल. पोकळ कथा वाचलेल्याला तेथे केवळ एक धोंडा दिसेल. पालकांच्या दुसऱ्या प्रश्नाचे माझ्या मते हेच उत्तर आहे. कथेतल्या दगडाला स्वतःचे मन आहे काय, आणि ती कथा मिटल्यावर समोरच्या मुक्या माणसालाही मन असेल असे मुलाला वाटते काय, एवढे तपासावे. उत्तर होकारार्थी असेल तर चित्रपट असो, कादंबरी असो वा खेळ, वेळ वाया गेलेला नाही.

'ओल्ड डेक्कन डेज'ची नवी आवृत्ती मानववंशशास्त्रज्ञ किरिन नारायण ह्यांच्या संपादनाने २००२ साली निघाली आणि तिच्यामुळे ॲनाकडे अभ्यासकांचे लक्ष पुन्हा वळले. ते कार्य परदेशी विद्यापीठांत झाले, हे आनंदाचे आणि थोडे खंतीचेही. आपल्या धर्मग्रामांत अजूनही अशा वृद्धा आहेत की ज्यांच्यापाशी त्यांच्या आजीच्या गोष्टी आहेत. त्या घराच्या कोपऱ्यात बसलेल्या असतात आणि आता त्यांना काही आठवत नाही असे घरचे म्हणतात. मेरी फ्रिअरची रीत साधी होती. गोष्ट मागावी, ऐकावी, लिहावी आणि पुन्हा वाचून दाखवावी. त्यासाठी पदवी लागत नाही; एक वही आणि थोडी सवड पुरे. मोठ्यांना ती सवड नसेल तर घरातल्या लहानग्याला पुढे पाठवावे. दगडाशी कसे वागावे हे त्याला न शिकवताच कळते.